मान आणि चाकरी

बेंदराला, म्हणजे बैलांच्या सणाला, कर तोडायचा मान आमच्या गावात अजून आमच्याच बैलाला आहे. अडचण एवढीच, की आमच्याकडे बैल नाही. शेवटची खिलारी जोडी वडिलांनी विकली त्याला आता पंधरा-सोळा वर्षं झाली. तरी दरवर्षी वेशीत कर, म्हणजे तोरणाची दोरी, आडवी बांधली जाते, हलगी वाजायला लागते, आणि माझा चुलतभाऊ शेजारच्या वाडीतून कुणाचा तरी बैल मागून आणतो. शिंगांना हिंगूळ, पाठीवर झूल, कपाळाला बाशिंग. तासाभरापुरता तो बैल पाटलाचा होतो, कर तोडतो, पुरणपोळी खातो आणि दिवेलागणीला आपल्या गोठ्यात परत जातो. गेल्या बेंदराला आणलेला बैल बुजरा निघाला. करीपाशी आला, हलगीला बिचकला आणि चक्क मागं सरकला. ज्यांचे स्वतःचे बैल मागं ताटकळत होते ते गालातल्या गालात हसत होते. तेवढ्यात एका शाळकरी पोरानं खणखणीत आवाजात विचारलं, "पण ह्यांचाच बैल का पहिला?"

कुणी उत्तर दिलं नाही. चुलतभावानं शेपटी पिरगाळली, बैल पुढं उसळला, कर तुटली, गुलाल उडाला.

उत्तर मला ठाऊक होतं. आमची पाटीलकी वतनाची. माझे आजोबा गावचे मुलकी पाटील. त्यांचे वडीलही, आणि त्यांचेही वडील. शेतसारा गोळा करायचा, सरकारी माणूस आला की त्याची सरबराई करायची, तंटे मिटवायचे, दप्तरावर शिक्का मारायचा. त्या चाकरीच्या बदल्यात जमीन आणि मान. १९६२ च्या कायद्यानं महाराष्ट्रातली मुलकी पाटलांची वतनं संपली. चाकरी तलाठ्याकडं गेली. जमीन शेतसाऱ्याच्या पटीत रक्कम भरून पुन्हा नावावर करून घ्यावी लागली, आणि सातबारावर 'नवीन शर्त' हे शेपूट लागलं ते लागलंच. मान मात्र कुठल्या कायद्यात लिहिलेला नव्हता, त्यामुळे तो कुणी काढून घेतला नाही. चाकरी गेली आणि मान राहिला, अशी आमची साठ वर्षं.

पुण्याला परत येताना एसटीत मला ब्रिटनचे एके काळचे परराष्ट्रमंत्री लॉर्ड कॅरिंग्टन आठवले. हे जरा लांबचं वळण आहे, कबूल. पण त्या दिवसांत मी त्यांच्याविषयी मिळेल ते वाचत होतो, आणि त्या पोराचा प्रश्न त्यांना विचारला असता तर त्यांनी काय उत्तर दिलं असतं, हे काही डोक्यातून जाईना.

पीटर कॅरिंग्टन, सहावे बॅरन. जन्म ६ जून १९१९. घराण्याचं मूळ तलवारीत नाही, तिजोरीत आहे. नॉटिंगहॅमचे सावकार रॉबर्ट स्मिथ यांना अठराव्या शतकाच्या अखेरीस, पंतप्रधान धाकट्या पिटच्या काळात, उमरावकी मिळाली. म्हणजे पेढीवाल्याचे लॉर्ड झाले. किताबाच्या स्पेलिंगात 'आर' दोनदा आणि आडनावाच्या स्पेलिंगात एकदाच, अशी एक खास इंग्रजी गंमतही या घराण्यात आहे. देवनागरीत तो घोळ आपोआप मिटतो. १९३८ मध्ये वडील वारले आणि एकोणिसाव्या वर्षी पोरगा लॉर्ड झाला. एकविशी गाठल्यावर १९४० मध्ये उमरावसभेत, म्हणजे पार्लमेंटच्या हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये, त्याची जागा पक्की. ना अर्ज, ना प्रचार, ना मतदान.

माझे वडील सांगतात, ते पाच वर्षांचे असताना गावातली साठी ओलांडलेली माणसं त्यांना 'अहो बाळासाहेब' म्हणायची. नाकातला शेंबूड पुसता येत नव्हता, पण 'अहो' मिळत होतं. एकोणिसाव्या वर्षी 'माय लॉर्ड' ऐकताना त्या पोराला काय वाटलं असेल, याची मला म्हणून थोडी कल्पना येते. ईटनच्या शाळेतल्या मास्तरांचं मत असं, की अगदीच मठ्ठ मुलासाठी शेती, सैन्य आणि शेअरदलाली हे तीनच धंदे शिल्लक राहतात. ही गोष्ट पुढं कॅरिंग्टन स्वतःच हसत सांगायचे. त्यांनी तिसरा सोडून उरलेले दोन धरले. सँडहर्स्ट झालं, आणि १९३९ च्या सुरुवातीला ग्रेनेडियर गार्ड्समध्ये कमिशन मिळालं. सप्टेंबरात युद्ध पेटलं.

आता मला सरळ २० सप्टेंबर १९४४ च्या संध्याकाळी जायचं आहे. हॉलंडमधलं नाइमेखन. वाल नदीवरचा पोलादी कमानीचा लांबलचक पूल. पलीकडं साधारण सतरा-अठरा किलोमीटरवर आर्नेम, आणि आर्नेमच्या पुलाच्या उत्तर टोकाला ब्रिटिश छत्रीधारी सैनिकांची एक तुकडी चार दिवस जर्मनांच्या वेढ्यात अडकलेली. तिचा प्रमुख लेफ्टनंट कर्नल जॉन फ्रॉस्ट. हा फ्रॉस्ट जन्मानं पुणेकर, बरं का! बाप इंग्रजांच्या हिंदी फौजेत, म्हणून १९१२ च्या शेवटच्या दिवशी त्याचा जन्म पुण्यात झाला. मी ज्या शहरात भाड्यानं राहतो तिथं जन्मलेला माणूस आर्नेमला मदतीची वाट बघतोय, आणि ती मदत नाइमेखनच्या पुलापाशी अडून राहिली आहे.

त्या दुपारी अमेरिकन छत्रीधारी सैनिकांनी भर उजेडात, ताडपत्रीच्या होड्यांतून वाल ओलांडली. वल्हीही पुरेशी नव्हती. कित्येकांनी बंदुकीच्या दस्त्यांनी पाणी मारलं. समोरून मशीनगन चालू. निम्म्या होड्यासुद्धा परत आल्या नाहीत. जे पोचले त्यांनी पुलाच्या उत्तर बाजूला धडक मारली. इकडून दक्षिणेकडून सार्जंट पीटर रॉबिन्सनचे चार शर्मन रणगाडे पुलावर चढले. पुलाखाली जर्मनांनी सुरुंग पेरलेले. ते कुठल्याही क्षणी उडतील अशी भीती, पण ते उडाले नाहीत. रॉबिन्सनच्या मागोमाग आणखी एक रणगाडा पूल ओलांडून गेला. त्यात पंचवीस वर्षांचा कॅप्टन लॉर्ड कॅरिंग्टन होता. पलीकडच्या टोकाला, अंधार पडत असताना, बराच वेळ तो जवळजवळ एकटाच उभा होता.

आणि मग तो थांबला.

यावरून जो वाद पेटला तो त्याच्या मरणापर्यंत विझला नाही. होड्यांतून रक्त सांडून आलेल्या अमेरिकनांना कळेना, की पूल हातात आल्यावर हे ब्रिटिश रणगाडे आर्नेमला का निघत नाहीत. त्यांच्यातल्या एका अधिकाऱ्यानं पुढं लिहून ठेवलं, की मी त्या ब्रिटिश कॅप्टनच्या डोक्याला बंदूक लावली होती. कॅरिंग्टनचं म्हणणं साधं होतं. हुकूम पूल राखायचा होता. रात्रीच्या अंधारात, दोन्हीकडं उतार असलेल्या बांधावरच्या अरुंद रस्त्यानं, पायदळ सोबत नसताना मूठभर रणगाडे पुढं घालणं म्हणजे एकेक करून त्यांच्या होळ्या करणं. इतिहासकारांपैकी बऱ्याच जणांनी त्याचीच बाजू घेतली, शिवाय तोवर फ्रॉस्टच्या तुकडीचा दारूगोळाही संपत आला होता. त्या कामगिरीबद्दल कॅरिंग्टनला मिलिटरी क्रॉस मिळाला.

मला दोन्ही बाजू पटतात, आणि म्हणूनच हा प्रसंग मला सोडत नाही. हुकमाबाहेर जाऊन तो पुढं घुसला असता तर त्याच्यावर पोवाडे झाले असते. त्यानं मिळालेली चाकरी केली, जास्त नाही आणि कमी नाही. पोवाडा होण्याजोगं त्यात काही नव्हतं.

पण त्याच्या आयुष्याला वळण मला वाटतं पुलावर लागलं नाही, रणगाड्याखाली लागलं. रणगाड्यातली पाच माणसं रात्री रणगाड्याखाली खड्डा खणून एकत्र झोपायची. एक लॉर्ड आणि चार साध्या घरांतली माणसं, तिसाच्या दशकातल्या मंदीत आणि बेकारीत वाढलेली. एकच खड्डा, एकच चहाचं भांडं. या माणसांना युद्धानंतर याहून बरं काही मिळायला हवं, असं त्याला तिथं वाटायला लागलं, आणि आपलं राजकारण तिथं घडलं असं तो पुढं सांगायचा. पक्ष मात्र त्यानं हुजूर पक्षच धरला. (वाड्यातल्या पोरानं समाजवादी व्हावं ही अपेक्षा मी करत नाही; मीही झालो नाही.)

पंचविशीच्या पोराला आतापर्यंत 'तो' म्हटलं. आता मंत्रिपदं सुरू होतात, तेव्हा अहो-जाहो करायला हवं.

१९५१ मध्ये चर्चिल पुन्हा पंतप्रधान झाले आणि कॅरिंग्टन शेती खात्यात कनिष्ठ मंत्री झाले. बकिंगहॅमशरमधल्या ब्लेडलो गावी त्यांची स्वतःचीही शेती होती. तीन वर्षांनी क्रिचेल डाउनचं प्रकरण गाजलं. ही गोष्ट मराठी माणसाला दोन वाक्यांत कळेल. डॉर्सेट परगण्यातली ७२५ एकर जमीन सरकारनं १९३८ मध्ये हवाई दलाच्या बाँबफेकीच्या सरावासाठी सक्तीनं संपादन केली. गरज संपल्यावर ती मूळ मालकांना परत विकायच्या ऐवजी शेती खात्याकडं वळवली, आणि खात्यातल्या साहेबांनी मूळ घराण्यातल्या वारसांचे अर्ज कस्पटासमान लेखले. आपल्याकडं धरणाच्या, एमआयडीसीच्या, विमानतळाच्या जमिनींची अशी प्रकरणं तालुक्यागणिक सापडतील. फरक पुढं पडला. चौकशी बसली, तिचा अहवाल खात्यावर कडक शेरे मारून आला, आणि शेतीमंत्री सर टॉमस डगडेल यांनी जुलै १९५४ मध्ये भर सभागृहात राजीनामा दिला. कॅरिंग्टन यांनीही दिला होता. चर्चिलनी तो घेतला नाही.

अर्थात ज्यांची जमीन गेली तेही उमरावाचंच घराणं होतं. एखाद्या कुळाची तीन एकर गेली असती तर मंत्री गेला असता का, हा प्रश्न मी इथंच ठेवतो.

पुढची वर्षं भराभर. सदतिसाव्या वर्षी ऑस्ट्रेलियात उच्चायुक्त. आजोबांचे थोरले भाऊ एके काळी तिथंच न्यू साउथ वेल्सचे गव्हर्नर होते, म्हणजे जागाही जवळपास घरातलीच. १९५९ पासून नौदल खात्याचे प्रमुख. तिथं जॉन व्हॅसल नावाचा कारकून रशियाचा हेर निघाला, आणि लॉर्डसाहेबांना आधीपासून माहीत होतं असा गिल्ला काही वर्तमानपत्रांनी केला. चौकशी न्यायाधिकरणानं त्यांना निर्दोष ठरवलं. या वर्तमानपत्रांचा राग त्यांच्या मनातून पुढं कधी पुरता गेला नसावा.

१९६३ मात्र मला महत्त्वाचं वाटतं. टोनी बेन यांच्या झगड्यामुळं त्या वर्षी कायदा झाला, की वंशपरंपरागत उमरावाला हवं तर आपला किताब सोडून देता येईल. लॉर्ड होम हे घराण्यातले चौदावे अर्ल; त्यांनी सरदारकी सोडली, पोटनिवडणूक लढवली आणि पंतप्रधान म्हणून कॉमन्समध्ये, म्हणजे लोकांनी निवडलेल्या सभागृहात, जाऊन बसले. कॅरिंग्टन चव्वेचाळीस वर्षांचे होते, हुशार होते, पक्षात वजन होतं. त्यांनी किताब सोडला नाही. म्हणजे पंतप्रधानपदाचं दार त्यांनी आपल्या हातानं ओढून घेतलं. संसदेची निवडणूक त्यांनी उभ्या जन्मात एकदाही लढवली नाही.

तिकडं सोडायची मुभा देणारा कायदा, इकडं आमच्याकडं त्याच सुमारास हातातून काढून घेणारा. आजोबांना विचारलं असतं तर त्यांनीही सोडलं नसतं. पण त्यांना कुणी विचारलं नाही, आणि ते बरंच झालं, असं मला वाटतं. कारण वतन या शब्दाला दुसरं एक तोंड होतं. आमच्या गावात आमचं वतन मानाचं आणि महारवाड्यातलं वतन राबणुकीचं. सरकारी टपाल पळवायचं, साहेबाच्या घोड्यापुढं धावायचं, मेलेलं ढोर ओढायचं, तेही पिढ्यानपिढ्या, वारसाहक्कानंच. डॉ. आंबेडकरांनी १९२८ मध्ये मुंबईच्या विधिमंडळात वतनाच्या कायद्यात दुरुस्तीचं विधेयक आणलं ते या राबणुकीविरुद्ध. बापाचं बेट्याकडं येतं म्हणताना आम्हाला कायम वाडा आठवतो. ज्यांच्याकडं बापाची वेठ आली त्यांना काय आठवत असेल, हे मला बऱ्याच उशिरा सुचलं.

कॅरिंग्टन यांच्या खात्यावरची सर्वांत काळी तारीख ३० जानेवारी १९७२. त्या वेळी ते एडवर्ड हीथ यांचे संरक्षणमंत्री होते. उत्तर आयर्लंडमधल्या डेरी शहरात नागरी हक्कांच्या मोर्चावर ब्रिटिश छत्रीधारी सैनिकांनी गोळ्या झाडल्या. तेरा माणसं त्या दिवशी मेली, चौदावा नंतर. त्याच्या आदल्या वर्षी, ऑगस्ट १९७१ पासून, खटल्याशिवाय माणसं डांबून ठेवणं सुरू झालं होतं, आणि डांबलेल्यांपैकी काहींना डोक्यावर टोपडं घालून, तासन्‌तास भिंतीशी उभं करून, झोप, अन्न, पाणी तोडून बोलतं करण्याचा प्रकारही. सैन्य त्यांच्या खात्याचं. मेलेले निःशस्त्र होते आणि त्या गोळीबाराला काही समर्थन नव्हतं, हे ब्रिटिश सरकारनं मान्य करून माफी मागायला २०१० उजाडलं. १९७२ मध्ये राजीनामा कुणी दिला नाही. नाइमेखनच्या पुलावर हुकमाच्या चौकटीत थांबलेला माणूस इथं कुठल्या चौकटीत थांबला, असं विचारावंसं वाटतं. त्यांच्यावर लिहिलेल्या मृत्युलेखांत या गोष्टीला फॉकलंडच्या मानानं फार थोडी जागा मिळाली.

आमच्या घरात एक पितळी परात आहे. मोठी, तीस-चाळीस भाकरींचं पीठ मळता येईल अशी. तिच्या काठावर ठोक्यांनी नाव कोरलंय, आणि ते नाव आमच्या घराण्यातलं नाही. लहानपणी मी आजीला विचारलं तेव्हा ती म्हणाली, "जप्तीतली हाय." कुठल्या तरी दुष्काळात शेतसारा थकला, आजोबांनी वरच्या हुकमाप्रमाणं भांडीकुंडी उचलून आणली, आणि त्यातली ही परात काही कारणानं लिलावाला गेलीच नाही. आजोबा देवमाणूस होते असं सगळा गाव म्हणतो. मीही म्हणतो. परात तरीही फळीवर आहे.

१९७९ मध्ये मार्गारेट थॅचर यांनी कॅरिंग्टनना परराष्ट्रमंत्री केलं. वाण्याची मुलगी पंतप्रधान आणि लॉर्ड तिच्या हाताखाली, आणि दोघांचं जमलंही. ऑगस्टमध्ये राष्ट्रकुलाच्या बैठकीला झांबियातल्या लुसाकाला जाताना विमानात बाईंनी काळा चष्मा बाहेर काढला. कशाला म्हणून कॅरिंग्टननी विचारलं, तर म्हणाल्या, उतरल्यावर माझ्या तोंडावर ॲसिड फेकणार आहेत. तसं काही झालं नाही. उलट त्याच बैठकीत, ऱ्होडेशियाच्या, म्हणजे आजच्या झिंबाब्वेच्या, प्रश्नावर सगळ्या पक्षांना लंडनला बोलवायचं ठरलं, आणि त्यासाठी बाईंचं मन वळवण्यात कॅरिंग्टन यांचा वाटा मोठा होता.

१० सप्टेंबरला लंडनच्या लँकेस्टर हाउसमध्ये परिषद बसली. एकीकडं तिथल्या सरकारातले मुझोरेवा आणि गोऱ्यांचे पुढारी इयन स्मिथ, दुसरीकडं त्यांच्याविरुद्ध लढणारे मुगाबे आणि एन्कोमो, आणि मधे अध्यक्ष म्हणून कॅरिंग्टन. गावात भाऊबंदकीचा वाटा करताना जुनी माणसं जी रीत वापरायची तीच त्यांनी वापरली. सगळं एकदम पुढ्यात घ्यायचं नाही. आधी राज्यघटना, ती मान्य झाल्याशिवाय पुढचा विषय काढायचाच नाही. मग मधल्या काळात कारभार कुणाचा, आणि सगळ्यात शेवटी शस्त्रसंधी. चौदा आठवडे हे चाललं. २१ डिसेंबरला सह्या झाल्या आणि १८ एप्रिल १९८० ला झिंबाब्वे स्वतंत्र झाला. संसदेतल्या शंभरातल्या वीस जागा सात वर्षांसाठी गोऱ्यांना राखीव. आणि दहा वर्षं जमीन घ्यायची ती विकायला तयार असलेल्याकडूनच, वापरात असलेली जमीन सक्तीनं काढून घ्यायची नाही. परिषद मोडायची वेळ आली होती ती याच कलमावर. क्रिचेल डाउननं ज्यांना पहिला राजीनामा लिहायला लावला त्यांनी सक्तीच्या संपादनाला कुंपण घातलं, यात मला तरी नवल वाटत नाही. पण मुळात ती जमीन काळ्या शेतकऱ्यांकडून सक्तीनंच गेली होती. ते दुखणं कलमानं बरं झालं नाही, नुसतं दहा वर्षं पुढं गेलं; आणि मुगाबेंनी पुढं त्या दुखण्याचं काय केलं ते जगानं पाहिलं.

आता फॉकलंड. दक्षिण अटलांटिकमधली ही बेटं ब्रिटनची, पण अर्जेंटिना त्यांच्यावर हक्क सांगत होता. १९ मार्च १९८२ ला अर्जेंटिनाचे भंगारवाले दक्षिण जॉर्जिया बेटावर उतरले आणि त्यांनी आपला झेंडा लावला. त्या भागात ब्रिटनची एकच जुनी गस्ती बोट, 'एन्ड्युरन्स'. ती काटकसरीसाठी काढून टाकायचा निर्णय संरक्षण खात्यानं आधीच जाहीर केला होता. काढू नका, चुकीचा इशारा जाईल, असं कॅरिंग्टन यांनी लेखी कळवलं होतं. मार्च संपता संपता ते ठरल्याप्रमाणं इस्रायलला गेले. ३१ तारखेच्या संध्याकाळी थॅचर यांच्या खोलीत आरमार पाठवायची बैठक झाली तेव्हा परराष्ट्रमंत्री लंडनमध्ये नव्हते. २ एप्रिलला बेटं गेली.

शनिवारी कॉमन्स भरलं. शनिवारची बैठक १९५६ च्या सुवेझ प्रकरणानंतर पहिलीच. सभागृह खवळलेलं, आणि ज्या माणसाला जाब विचारायचा तो त्या सभागृहात येऊच शकत नव्हता, कारण तो लॉर्ड. त्यांच्या वतीनं बोलायला दुसरा मंत्री. नंतर पक्षाच्या खासदारांसमोर कॅरिंग्टन गेले तेव्हा त्यांच्यावर जे तुटून पडले त्यांना काबूत कसं आणायचं, हे त्यांना उमजेना. उमरावसभेच्या गारव्यात चाळीस वर्षं काढलेल्या माणसाला ही भाषा नवीन होती. १९६३ मध्ये जो किताब सोडला नाही त्यानं १९८२ मध्ये असं गाठलं. सोमवारी सकाळची वर्तमानपत्रं वाचून त्यांनी मन पक्कं केलं. थॅचर थांबा म्हणत होत्या. ५ एप्रिलला राजीनामा. दुसऱ्या वर्षी फ्रँक्स समितीचा अहवाल आला: अर्जेंटिनाच्या हल्ल्याबद्दल सरकारला दोष देता येणार नाही. म्हणजे कागदावर ते निर्दोष होते, आणि तरीही गेले होते.

आपल्याकडं राजीनाम्याची गोष्ट निघाली की लालबहादूर शास्त्री येतात, १९५६ चा अरियालूरचा रेल्वे अपघात येतो. २००८ मध्ये मुंबईवरच्या हल्ल्यानंतर दहा दिवसांच्या आत तीन मोठे राजीनामे झाले: दिल्लीत शिवराज पाटील, मुंबईत आर. आर. पाटील आणि विलासराव देशमुख. आडनावं बघा, तिन्ही वतनाची. पण आडनावावर जाऊ नका, आर. आर. आबा अंजनीच्या गरीब शेतकरी घरातून आलेले, ज्यांच्या नावात पाटील होतं आणि घरात पाटीलकीतलं काही नव्हतं. त्यांनी खुर्ची सोडली तेव्हा मागं काय होतं? कॅरिंग्टन यांनी सोडली तेव्हा मागं ब्लेडलोची शेती होती, वाडा होता, उमरावसभेतली जन्माची जागा होती. त्यांचा राजीनामा मला आवडतो. त्यांना तो परवडत होता, हेही तितकंच खरं. आणि ज्याला मतं मागायची आहेत त्याला तो परवडत नाही, म्हणून आपल्याकडं तो इतका दुर्मिळ. वारसाहक्काच्या बाजूनं बोलता येण्याजोगी ही एकच गोष्ट मला आजवर सापडली आहे, आणि डेरी आठवलं की तीही डळमळते. परवडत असूनही त्या वेळी दिला नव्हताच की.

नंतरही ते कामाशिवाय राहिले नाहीत. १९८४ ते १९८८ नाटोचे सरचिटणीस. १९९१ मध्ये युगोस्लाव्हिया फुटायला लागला तेव्हा युरोपीय समुदायानं बहात्तर वर्षांच्या या म्हाताऱ्याला शांतता परिषदेचा अध्यक्ष केलं. लँकेस्टर हाउसची रीत इथं लागू पडली नाही; सह्या व्हायच्या आणि शाई वाळायच्या आत तोफा चालू व्हायच्या. सर्वांगीण तोडगा निघण्याआधी क्रोएशिया-स्लोव्हेनियाला मान्यता देऊ नका, बोस्निया पेटेल, असं त्यांनी लेखी बजावलं. जानेवारी १९९२ मध्ये मान्यता दिली गेली, एप्रिलमध्ये बोस्निया पेटला, ऑगस्टमध्ये ते बाजूला झाले.

१९९९ मध्ये ब्लेअर सरकारनं वंशपरंपरागत उमरावांना सभागृहाबाहेर काढलं, ब्याण्णव जणांपुरता अपवाद ठेवून. कॅरिंग्टन यांना त्याच वेळी हयातीपुरता नवा किताब मिळाला, तेव्हा ते एका दारानं बाहेर पडून दुसऱ्या दारानं आत आले. म्हणजे ऐंशीव्या वर्षी, प्रथमच, जन्माऐवजी कामावर त्यांना जागा मिळाली. ९ जुलै २०१८ ला ते वारले, नव्व्याण्णव वर्षांचे होऊन. त्याच दिवशी लंडनमध्ये दुसऱ्या एका परराष्ट्रमंत्र्यानं राजीनामा दिला होता, बोरिस जॉन्सन यांनी. वर्षभरानं जॉन्सन पंतप्रधान झाले.

चार महिन्यांनी मुलगा रूपर्ट, सातवे बॅरन, पोटनिवडणूक जिंकून उमरावसभेत आला. या निवडणुकीत मतदार ती ठरावीक वंशपरंपरागत मंडळीच. राजा चार्ल्स गादीवर आल्यावर लॉर्ड ग्रेट चेंबरलेन या दरबारी पदाचा मानही फिरतफिरत त्यांच्या घराण्याकडं आला, आणि २०२३ च्या राज्याभिषेकात ते आपल्या जागी उभे होते. पुढच्याच वर्षी उरलेल्या ब्याण्णव जागाही संपवायचं विधेयक पार्लमेंटात मांडलं गेलं.

गेल्या बेंदराच्या संध्याकाळी मी वडिलांना म्हटलं, परात तरी परत करून टाकू. काठावरचं नाव त्यांनी बोटानं चाचपलं. म्हणाले, "कुणाला देणार? ती माणसं गिरणीच्या काळातच मुंबईला गेली. घर पडलं त्यांचं. पिंपरणीच्या बाजूला जोतं तेवढं दिसतं." मी म्हटलं, शोधू. ते काही बोलले नाहीत. आतून आईनं हाक मारली, पुरण गार व्हायला पसरायचं होतं, आणि तेवढं मोठं दुसरं भांडं घरात नाही. मी परात फळीवरून काढली, चिंच लावून घासली आणि आत नेऊन दिली.